विमान आणि लेणे : पालि वाङ्मयातील काळ विसरविणारी घरे

आषाढ पौर्णिमेस वर्षावासाचा आरंभ झाला, की महाराष्ट्रातील गावोगावच्या विहारांतून सायंकाळी ग्रंथवाचन सुरू होते. मोसम नदीच्या खोऱ्यातील नामपूर आणि आमचा सारा बागलाण यास अपवाद नाही. वाचनाच्या ओघात देवलोकाचा, विमानांचा किंवा शक्राच्या प्रासादाचा उल्लेख आला, की श्रोत्यांतून एक प्रश्न हटकून येतो. स्वर्गाच्या लोभातून आणि नरकाच्या भीतीतून डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी आम्हांस बाहेर काढले. मग त्रिपिटकात ही रत्नजडित घरे कशासाठी?

प्रश्न रास्त आहे. ‘ती नंतरची भर आहे, सोडून द्या’ असे म्हटल्याने तो सुटत नाही, कारण ही घरे जातकांत व अट्ठकथांत आहेत तशीच निकायांतील सुत्तांतही आहेत. ‘ती खरीच आहेत, श्रद्धा ठेवा’ हे उत्तर तर तपासून स्वीकारण्याच्या बुद्धोपदेशाशीच विसंगत ठरते. आम्हांस असे वाटते, की ही घरे कल्पित आहेत हे प्रथम मोकळेपणाने मान्य करावे आणि मग ती कथेमध्ये कोणते काम करतात ते पाहावे. तसे पाहू गेल्यास एक गोष्ट ठळकपणे दिसते. पालि वाङ्मयातील विमान हे मुख्यतः काळाची जाणीव बदलणारे घर आहे. त्यात राहणाऱ्यास काळ जाणवत नाही, आणि ज्या ज्या कथेत असे घर उभे राहते, त्या त्या कथेत कोणीतरी येऊन ते हलविते. प्रस्तुत लेखात या घरांचा परिचय करून देऊन शेवटी नाशिकच्या त्रिरश्मी डोंगरावरील एका लेण्याकडे वळावयाचे आहे. त्या लेण्याच्या शिलालेखात ‘विमान’ हाच शब्द आला आहे.

‘विमान’ शब्दाचा अर्थ

आज मराठीत विमान म्हटले, की आकाशातून उडणारे वाहन डोळ्यांपुढे येते. पालित या शब्दाचा रूढ अर्थ देवतेचे निवासस्थान, दिव्य प्रासाद असा आहे. ‘वि’ हा उपसर्ग आणि मोजणे या अर्थाचा ‘मा’ हा धातू यांपासून शब्द बनला. मापून, आखून केलेली वास्तू ती विमान. मोजमापावरून नाव पडलेल्या घरात राहणाऱ्यालाच दिवसांचे माप राहू नये, हा योगायोग लक्षात घेण्यासारखा आहे.

खुद्दकनिकायातील ‘विमानवत्थु’ या ग्रंथात अशा घरांच्या पंच्याऐंशी कथा आहेत. बहुतेक कथांचा साचा एकच. महामोग्गल्लान स्थविर एखाद्या देवतेस विचारतात, की हे वैभव तुला कोणत्या कर्माने लाभले. आणि देवता आपले पूर्वीचे कर्म सांगते. ही कर्मे पाहिली तर आश्चर्य वाटते. कोणी बसावयास आसन दिले, कोणी अंधारात दिवा लावला, एका दरिद्री स्त्रीने भांड्याच्या तळाशी राहिलेली भाताची खरवड महाकस्सपांच्या पात्रात घातली. एका चांडाल स्त्रीने मरणापूर्वी तथागतांस केवळ वंदन केले, आणि तिलाही तावतिंस देवलोकात विमान लाभल्याची कथा येथे आहे. विमान मिळण्यास कुळ लागत नाही, यज्ञ लागत नाही आणि पुरोहितही लागत नाही. ज्या समाजात चांडालास गावात घर बांधण्याची मुभा नव्हती, त्या समाजात ही कथा सांगितली जात होती, हे आमच्या वाचकांनी ध्यानात ठेवावे.

देवलोकाचे पंचांग

या घरांतील काळाचा हिशेब अंगुत्तरनिकायातील उपोसथसुत्तात दिला आहे. श्रावस्तीच्या पूर्वारामात, विशाखेने बांधविलेल्या मिगारमातेच्या प्रासादात, स्वतः विशाखेसच तो सांगितला आहे. मनुष्यांची पन्नास वर्षे म्हणजे चातुर्महाराजिक देवांचा एक अहोरात्र. अशा तीस अहोरात्रांचा महिना, बारा महिन्यांचे वर्ष, आणि अशी पाचशे वर्षे हे त्यांचे आयुष्य. गुणाकार केल्यास मनुष्यांची नव्वद लाख वर्षे भरतात. तावतिंस देवांचा अहोरात्र शंभर मनुष्यवर्षांचा आणि आयुष्य एक हजार दिव्य वर्षांचे, म्हणजे तीन कोटी साठ लाख मनुष्यवर्षांचे. पुढील प्रत्येक देवलोकात दोन्ही आकडे दुप्पट होत जातात. सहाव्या, परनिर्मितवशवर्ती देवलोकात सोळाशे मनुष्यवर्षांचा एक दिवस होतो आणि आयुष्य नऊशे एकवीस कोटी साठ लाख वर्षांवर जाते.

हे आकडे खगोलशास्त्राचे नव्हेत. ते कोणत्या संदर्भात आले आहेत ते पाहावे. सुत्ताचा विषय उपोसथ आहे. आठ शीलांचे पालन करून घालविलेला एक दिवस आणि एक रात्र याचे मोल किती, हे सांगण्यासाठी ही उतरंड रचली आहे. कोट्यवधी वर्षांचे आकडे एका पारड्यात घातले आहेत आणि दुसऱ्या पारड्यात उपासिकेचा एकच जागरूक अहोरात्र ठेवला आहे.

काळ न जाणवण्याची कारणेही या वर्णनांतूनच उमगतात. विमानातील देवता स्वयंप्रकाशी असते, म्हणून तिथे सूर्य उगवण्या-मावळण्याचे कारण उरत नाही. फुले बारमाही फुललेली, वाद्ये अखंड वाजणारी, अन्न आपोआप उपलब्ध. पेरणी नाही, कापणी नाही, वाट पाहणे नाही. आम्ही मोसम खोऱ्यातील माणसे पावसाळी, रांगडा आणि उन्हाळ अशा कांद्याच्या हंगामांवरून वर्ष ओळखतो. ज्या घरात काहीच पेरावे लागत नाही आणि काहीच सडत नाही, तिथे वर्ष कशावरून ओळखावे?

तरीही त्या घरात एक घड्याळ लपलेले असतेच. इतिवुत्तकात देवाच्या च्युतीची पाच पूर्वचिन्हे सांगितली आहेत. त्याच्या माळा कोमेजतात, वस्त्रे मळतात, काखेतून घाम येतो, अंगकांती फिकी पडते आणि शेवटी आपल्याच दिव्य आसनावर त्याचे मन रमत नाही. अशा वेळी इतर देव त्यास ‘सुगती लाभो’ असे शुभ चिंतितात. आणि देवांची सुगती कोणती, तर मनुष्यत्व, असा खुलासा त्याच सुत्तात आहे. स्वर्गाचा लोभ दाखविणारे वाङ्मय म्हणून ज्यावर आक्षेप घेतला जातो, त्यातच देवांना माणूस होण्याची आशा धरावयास लावली आहे.

पायासीचा प्रश्न आणि रिकामे घर

दीघनिकायातील पायासिसुत्त हे या विषयावरील सर्वांत मनोवेधक सुत्त म्हणावे लागेल. सेतव्या नगरीचा अधिपती पायासी राजन्य परलोक मानीत नाही. त्याची वृत्ती परीक्षकाची आहे. आपल्या सदाचारी आप्तांना त्यांच्या मृत्युशय्येवर त्याने सांगितले होते, की स्वर्गात गेल्यास येऊन मला कळवा. कोणीही आले नाही. यावर कुमार कस्सप उत्तर देतात, की तावतिंस देवांचा एक दिवस म्हणजे तुमची शंभर वर्षे. तुमच्या आप्तांच्या मनात येईल, की दोन-तीन दिवस येथील सुख भोगावे आणि मग पायासीस सांगावयास जावे. तेवढ्या अवधीत पायासी कोठे असेल?

या युक्तिवादाने परलोक सिद्ध होतो असे आम्ही म्हणत नाही. पायासीनेही ते लगेच मान्य केले नाही. देव इतके दीर्घायुषी आहेत हे आपणांस कोणी सांगितले, असा त्याचा प्रतिप्रश्न सुत्ताने प्रामाणिकपणे नोंदवून ठेवला आहे. आम्हांस महत्त्वाचा वाटतो तो त्या उत्तरातील मनोव्यापार. ‘दोन-तीन दिवसांनी जाऊ’ हे वाक्य बोलणारा देव दुष्ट नाही, कृतघ्नही नाही. त्याचे घर त्याला सांगते, की अजून पुष्कळ वेळ आहे. त्या घराबाहेर मात्र एक संपूर्ण मनुष्यजन्म सरून गेलेला असतो.

सुत्ताचा शेवट याहून अर्थपूर्ण आहे. पायासी पुढे उपासक झाला आणि दान देऊ लागला. पण ते दान कण्यांचा भात, आंबट पेज आणि जाड्याभरड्या वस्त्रांचे, तेही परहस्ते आणि अनादराने दिलेले. मृत्यूनंतर तो चातुर्महाराजिक देवांत, सेरीसक नावाच्या रिकाम्या विमानात जन्मला. त्याच्या वतीने दानाची व्यवस्था पाहणाऱ्या उत्तर नावाच्या तरुणाने मात्र आदरपूर्वक, स्वहस्ते दान केले होते; तो तावतिंस लोकात गेला. विमानवत्थूत हाच पायासी वाळवंटात वाट चुकलेल्या व्यापाऱ्यांना भेटतो. त्याच्या विमानापाशी शिरीषवृक्ष आहे. शंभर वर्षे झाली, की शेंग पिकून देठापासून सुटते. त्यावरून आपल्या वाट्याची पाचशे दिव्य वर्षेही एक दिवस संपणार, हे तो ओळखतो आणि शोक करतो. सर्व विमानवासीयांमध्ये पायासी हाच काळ मोजणारा आहे. मनुष्यलोकात असताना तो प्रश्न विचारीत होता. देवलोकातील घरही त्यास तेवढे विसरावयास लावू शकले नाही.

खाली आलेली एक, वर गेलेला एक

घराच्या आतील काळ आणि बाहेरील काळ यांची गाठ घालून देणाऱ्या दोन कथा पालित विशेष प्रसिद्ध आहेत. पहिली धम्मपदाच्या पुष्पवर्गावरील अट्ठकथेतील पतिपूजिकेची. तावतिंस लोकात मालभारी नावाचा देव आपल्या अप्सरांसह उद्यानात गेला असता फुले तोडणारी एक अप्सरा फांदीवरच च्युत झाली आणि श्रावस्तीत मानवकन्या म्हणून जन्मास आली. तिला पूर्वजन्माचे स्मरण होते. सोळाव्या वर्षी तिचा विवाह झाला, चार पुत्र झाले, भिक्खुसंघाची सेवा करीत ती वारली आणि पुन्हा त्याच उद्यानात परतली. तिथे अजून फुलेच तोडली जात होती. मालभारीने विचारले, की सकाळपासून तू दिसली नाहीस, कोठे होतीस? तिने सर्व वृत्तांत सांगितला. मनुष्याचे आयुष्य किती, असे त्याने विचारले. सुमारे शंभर वर्षे, असे तिने सांगितले. एवढे अल्प आयुष्य लाभलेली माणसे ते झोपेत घालवितात की पुण्यकर्मे करतात, या प्रश्नावर तिचे उत्तर असे, की जणू असंख्येय वर्षे जगावयाचे आहे अशा थाटात माणसे प्रमादात राहतात. हे ऐकून देवास संवेग उत्पन्न झाला.

‘संवेग’ हा पालितील महत्त्वाचा शब्द आहे. अनित्यतेचे दर्शन होताच मनास बसणारा हादरा आणि त्यातून कार्यास प्रवृत्त होणे, असा त्याचा दुहेरी अर्थ आहे. येथे तो एका देवाच्या ठिकाणी उत्पन्न होतो, आणि तो उत्पन्न करणारी चार मुलांची आई होऊन आलेली स्त्री आहे.

दुसरी कथा साधीन जातकातील. मिथिलेचा राजा साधीन दानशूर होता. शक्राने मातली सारथ्याबरोबर रथ पाठवून त्यास सदेह देवलोकी नेले. मनुष्यगणनेने सातशे वर्षे तो तिथे राहिला. पुण्य सरताच त्याचे मन तिथे रमेनासे झाले. शक्राने आपल्या प्रभावाने राहण्याचा आग्रह केला, तेव्हा साधीनाने तो नाकारला. दुसऱ्याने दिलेले सुख हे मागून आणलेल्या वाहनासारखे, ते आपले नव्हे, असे त्याचे म्हणणे. तो मिथिलेच्या उद्यानात उतरला. त्याच्या वंशातील सातवा पुरुष, नारद नावाचा राजा, तेव्हा राज्य करीत होता. ती शेते, ते पाण्याचे पाट पाहून साधीनाचे मन भरून आले. ओळखीचे माणूस मात्र एकही उरले नव्हते. राज्य पुन्हा स्वीकारण्यास नकार देऊन त्याने सात दिवस दान दिले आणि देह ठेवला.

तावतिंस देवांच्या पंचांगाने सातशे वर्षे म्हणजे बरोबर सात दिवस होतात. वर सात दिवस, खाली सात दिवस. वरच्या सात दिवसांत सात पिढ्या गेल्या आणि साधीनाच्या हातून काहीच घडले नाही. खालच्या सात दिवसांत त्याने जे करावयाचे ते केले. जातककाराने ही तुलना उघड करून सांगितलेली नाही, पण आकडे तिच्याकडेच बोट दाखवितात.

अशा कथा अन्यत्रही आढळतात. भागवतात ककुद्मी राजा कन्या रेवतीसह ब्रह्मलोकी जातो आणि गायन संपेपर्यंत थांबतो; तेवढ्यात पृथ्वीवर सत्तावीस चतुर्युगे लोटतात. जपानमधील उराशिमा तारो हा कोळी समुद्रतळीच्या राजवाड्यात थोडा काळ राहून परततो, तो गावात शतके उलटलेली असतात. या कथांत विस्मय आहे, विरहाचे दुःखही आहे. पालि कथांचा रोख मात्र त्या काळात काय केले, या प्रश्नावर आहे.

हादरलेले प्रासाद

हा प्रश्न सर्वांत रोखठोकपणे मज्झिमनिकायातील चूळतण्हासंखयसुत्तात विचारला आहे. शक्र पूर्वारामात येऊन तथागतांस तृष्णाक्षयाविषयी प्रश्न विचारतो आणि उत्तर ऐकून संतोषाने परत जातो. त्यास ते खरोखर कळले की नाही, हे पाहण्यासाठी महामोग्गल्लान तावतिंस लोकी जातात. शक्र संगीतात दंग आहे. तथागतांनी काय सांगितले, असे विचारताच तो म्हणतो, की आम्हांस फार कामे असतात, ऐकलेले चटकन विसरते. आणि विषय बदलून पाहुण्यांस आपला वैजयन्त प्रासाद दाखवू लागतो. असुरांवरील विजयानंतर बांधलेल्या या प्रासादास शंभर शिखरे, प्रत्येकात सातशे कूटागारे, प्रत्येक कूटागारात सात अप्सरा आणि प्रत्येकीस सात दासी. म्हणजे सत्तर हजार कूटागारे, चार लाख नव्वद हजार अप्सरा आणि चौतीस लाख तीस हजार दासी. मोग्गल्लान हे सर्व पाहतात, शक्र फारच प्रमत्त झाला आहे असे जाणतात, आणि पायाच्या अंगठ्याने तो प्रासाद हलवितात. शक्राच्या अंगावर काटा येतो आणि विसरलेला उपदेश त्यास शब्दशः आठवतो.

संयुत्तनिकायात याचीच जोडकथा आहे, आणि ती घडते पृथ्वीवर. मिगारमातेच्या प्रासादात खालच्या मजल्यावर काही भिक्खू गप्पागोष्टींत, उच्छृंखलपणे वेळ दवडीत होते. तथागतांच्या सांगण्यावरून मोग्गल्लानांनी तोही प्रासाद अंगठ्याने हलविला. वारा नाही, पाया खोल, बांधकाम भक्कम, मग घर हलले कसे, म्हणून भिक्खू भयभीत होऊन बाहेर आले. विमान कोठे असते याचे उत्तर या दोन सुत्तांना शेजारी ठेवल्यास मिळते. जिथे प्रमाद तिथे विमान. ते देवलोकी असो, की विहाराच्या तळमजल्यावर.

वैजयन्त प्रासाद ही केवळ ग्रंथातील कल्पना राहिली नाही. मध्य प्रदेशातील भारहुत स्तूपाच्या कठड्यावर त्याचे शिल्प आहे. प्रासाद आणि शेजारची सुधम्मा देवसभा या दोहोंवर ब्राह्मी लिपीत नावे कोरली आहेत. हा कठडा सध्या कोलकात्याच्या इंडियन म्युझियममध्ये आहे. शिल्पकाराने देवांच्या घरास मनुष्यांच्याच घरासारखे खांब, सज्जे आणि चैत्यकमानी दिल्या आहेत. कल्पनेतील वास्तूही अखेर पाहिलेल्या वास्तूवरूनच घडते.

सिद्धार्थाचे तीन प्रासाद

मनुष्यलोकातील विमानाचे सर्वांत परिचित उदाहरण म्हणजे सिद्धार्थ गौतमाचे तीन प्रासाद. अंगुत्तरनिकायातील सुखुमालसुत्तानुसार एक हेमंताचा, एक ग्रीष्माचा आणि एक वर्षाऋतूचा. पावसाचे चार महिने तो प्रासादातून खाली उतरत नसे. या घरांचा उद्देशच ऋतूचा स्पर्श होऊ न देणे हा होता. ज्यास ऋतू जाणवत नाही त्यास वय कसे जाणवावे?

पुढे रथातून जाताना म्हातारा, रोगी, प्रेत आणि प्रव्रजित दिसल्याची कथा आपण जाणतो. डॉ. बाबासाहेबांनी १९५७ साली प्रकाशित झालेल्या ‘बुद्ध आणि त्यांचा धम्म’ या ग्रंथाच्या प्रास्ताविकातच तिच्यावर आक्षेप घेतला आहे. एकोणतीस वर्षांच्या पुरुषाने तोपर्यंत जरा-मरण पाहिलेच नव्हते, हे बुद्धीस पटणारे नाही. पालि ग्रंथांचा साक्षेपाने विचार केल्यास या आक्षेपास बळकटी मिळते. दीघनिकायात ही चार दर्शने विपस्सी बुद्धाच्या चरित्रात सांगितली आहेत. सुखुमालसुत्तात रथ नाही, म्हातारा नाही. तिथे तथागत एवढेच सांगतात, की अशा ऐश्वर्यात राहत असतानाच मीही जरा, व्याधी आणि मरण यांच्या अधीन आहे हा विचार मनात आला, आणि तारुण्याचा, आरोग्याचा व जीविताचा मद नाहीसा झाला. विमान हलविणारा अंगठा येथे बाहेरून आला नाही. चिंतनाने ते आतूनच हलले.

त्रिरश्मीवरील विमान

आता नाशिककडे वळू. लोक ज्यांस पांडवलेणी म्हणतात, त्या लेण्यांचा डोंगर शिलालेखांत ‘तिरण्हु’ या नावाने येतो. येथील तिसऱ्या क्रमांकाच्या लेण्यात गौतमीपुत्र सातकर्णीची माता गौतमी बलश्री हिचा दीर्घ शिलालेख आहे. सत्य, दान, क्षमा आणि अहिंसा यांत रत अशी ही राजमाता, आपण हे लेणे भद्रायणीय भिक्खुसंघास दिल्याचे नोंदविते आणि ते श्रेष्ठ विमानाच्या तोडीचे असल्याचे सांगते. इ.स.च्या दुसऱ्या शतकात आमच्याच जिल्ह्यातील एका वास्तूस ‘विमान’ ही उपमा दिली गेली, ती अशी.

याच लेखात गौतमीपुत्राने चातुर्वर्ण्याचा संकर थांबविला अशी स्तुतीही आहे, हे लपविण्याचे कारण नाही. चांडाल स्त्रीला विमान देणारी धम्मपरंपरा आणि वर्णसंकर रोखल्याचा अभिमान बाळगणारे राजकुळ, ही दोन्ही एकाच काळातील सत्ये आहेत. दान स्वीकारणारा संघ त्या स्तुतीस बांधील नव्हता, आणि आपणही नाही.

परंतु आमच्या विषयाच्या दृष्टीने या लेखाची पहिली ओळ अधिक मोलाची आहे. वासिष्ठीपुत्र पुळुमावीचे एकोणिसावे वर्ष, ग्रीष्माचा दुसरा पक्ष, तेरावा दिवस. त्याच लेण्यातील गौतमीपुत्राची आज्ञा अठराव्या वर्षातील, वर्षाऋतूच्या दुसऱ्या पक्षातील पहिल्या दिवसाची. देवांच्या विमानाला ऋतू नसतो. या विमानाच्या दारावर वर्ष, ऋतू, पक्ष आणि दिवस कोरलेला आहे. सिद्धार्थाच्या प्रासादांनी जे तीन ऋतू बाहेर ठेवले, ते येथे दिनगणनेचे आधार झाले आहेत.

जवळच्या दहाव्या लेण्यात हे आणखी स्पष्ट होते. नहपान क्षत्रपाचा जावई उषवदात याने वर्ष ४२ मध्ये हे लेणे चातुर्दिश संघास दिले आणि तीन हजार कार्षापणांची ‘अक्षयनीवि’, म्हणजे कायम ठेव, गोवर्धन येथील विणकरांच्या श्रेणींकडे ठेवली. दोन हजारांवर दरमहा शेकडा एक आणि उरलेल्या एक हजारांवर दरमहा शेकडा पाऊण असे व्याज ठरले. दोन हजारांचे वर्षाचे व्याज दोनशे चाळीस होते. त्यातून वर्षावास करणाऱ्या वीस भिक्खूंस प्रत्येकी बारा कार्षापण चीवरासाठी द्यावयाचे. हिशेब तंतोतंत जुळतो. मूळ रक्कम परत घ्यावयाची नाही, केवळ व्याज वापरावयाचे, अशीही अट आहे.

बाजाराच्या गावी राहणाऱ्या आमच्या वाचकांस यातील मर्म सहज कळेल. विमानातील देव मुद्दल खातो. त्याने पूर्वी केलेले पुण्य दिवसेंदिवस घटत असते, नवीन भर पडत नाही, आणि संपले की माळ कोमेजते. लेण्याच्या व्यवस्थेत मुद्दल अबाधित राहते आणि दरवर्षीच्या पावसाबरोबर त्याचा उपयोग नव्याने होतो. तिथे राहणाऱ्यास दर पंधरवड्यास उपोसथ करावयाचा असतो, तीन महिने एका जागी वर्षावास करावयाचा असतो, आणि वर्षावासांच्या संख्येवरूनच संघातील त्याची ज्येष्ठता ठरत असते. काळ विसरविणे हे देवांच्या घराचे काम, तर काळ मोजावयास लावणे हे भिक्खूंच्या घराचे.

आजचा विचार

तेव्हा विमानकथा वाचाव्यात की टाळाव्यात? त्या वाचाव्यात असे आमचे मत आहे, परंतु शेवटपर्यंत वाचाव्यात. दान द्या आणि विमान घ्या, एवढाच भाग सांगून थांबणारा प्रवचनकार अर्धीच कथा सांगतो. त्या अर्ध्या कथेतून देवघेवीचा धर्म तयार होतो, आणि त्याच धर्मातून आपण बाहेर पडलो आहोत. रिकाम्या विमानात शोक करणारा पायासी, फुले तोडता तोडता एक जन्म जगून आलेली पतिपूजिका, अंगठ्याच्या धक्क्याने जागा झालेला शक्र, ही उरलेली अर्धी कथा होय.

विमान ओळखणे फारसे अवघडही नाही. ज्या घरात, ज्या पदावर, ज्या संस्थेत बसल्यावर ‘दोन-तीन दिवसांनी पाहू’ असे सहज तोंडून निघू लागते, तिथे विमानाचा पाया भरला गेला असे समजावे. मुलीच्या शिक्षणाचा निर्णय, वस्तीतील अभ्यासिकेचे काम, पालि शिकण्याचा संकल्प, म्हाताऱ्या आईवडिलांजवळ बसण्याची वेळ, ही सर्व कामे त्या दोन-तीन दिवसांत गडप होतात. उन्हाळ कांदा चाळीत भरला म्हणजे टिकतो, पण थांबत नाही. आतून त्याचे वय वाढतच असते, आणि चांगला शेतकरी अधूनमधून चाळ तपासत राहतो. धम्मात अप्पमाद म्हणतात तो याहून वेगळा नाही.

नाशिकला त्रिरश्मीवर जाणाऱ्या उपासक-उपासिकांनी तिसऱ्या लेण्यातील शिल्पे अवश्य पाहावीत. त्यानंतर त्या दीर्घ शिलालेखासमोर क्षणभर थांबून त्यातील वर्ष, ऋतू, पक्ष आणि दिवस मुलांस सांगावेत, आणि आजची तिथी त्यांच्याकडून वदवून घ्यावी. पौर्णिमेस किती दिवस राहिले, हेही विचारावे.